जावळ काढणारे हात आणि मांजराची आंघोळ

अमळनेरला स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्यावर माझं सलून आहे. यंदा २७ वर्षं होतील. दाढी-कटिंग सगळेच करतात, पण जावळ काढायचं असलं की धरणगाव-पारोळ्याकडची माणसंही लेकरू घेऊन माझ्याकडे येतात. मामाच्या मांडीवर बसलेलं वर्षाचं पोर आरशातल्या इतक्या माणसांना बघूनच रडायच्या बेतात असतं. त्याला घट्ट धरलं की ते जास्त उसळतं. म्हणून मी बंद मशीन आधी त्याच्याच हातात देतो. मग मशीन लांब धरून चालू करतो, आवाज कानावर पडू देतो. मग मानेमागे नुसती बोटं फिरवतो. पोराचे खांदे खाली आले की कामाला लागतो, आणि ओठ वाकडा व्हायच्या आत थांबतो.

घरात मांजर आलं तेव्हा मात्र हे सगळं मी विसरलो. भुरी तेव्हा सात महिन्यांची होती. चुलीच्या राखेत लोळून आली, म्हणून मी तिला मानगुटीला धरलं आणि नळाखालच्या बादलीत उतरवलं. कोपरापासून मनगटापर्यंत माझा हात फाटला, आणि भुरी माळ्यावर जाऊन बसली ती दोन दिवस जेवायलाही खाली आली नाही. आई ओट्यावरून बघत होती. म्हणाली, "कसाले धरस इतलं घट्ट? पोरेस्नं जावळ काढस ना तू? तसंच कर मंग."

त्याला आता नऊ वर्षं झाली. भुरी आहे, आणि मुलगी शिकायला नाशिकला गेली तेव्हा तिनं सोडलेली लांब केसांची पर्शियन रेशमीही आहे. दोघींचं सगळं मी घरीच करतो. ते कसं करतो ते लिहितो.

सगळ्यात आधी बघायचं की आंघोळीची खरंच गरज आहे का. मांजर जागं असतं त्यातला बराच वेळ स्वतःला चाटण्यात जातो. त्याच्या जिभेवर मागे वळलेले बारीक काटे असतात आणि ते लाळ थेट केसांच्या मुळाशी नेऊन पोचवतात. माझ्या दुकानातल्या एकाही कंगव्याला ते जमत नाही. आपल्या साध्या, आखूड केसांच्या मांजराला कित्येकदा जन्मभर आंघोळ लागत नाही. अंगाला तेल, रंग, चिखल किंवा घाण लागली, मांजर म्हातारं किंवा जाड होऊन त्याची जीभ पाठीपर्यंत पोचेनाशी झाली, किंवा डॉक्टरांनी औषधी शाम्पू सांगितला, तरच पाणी काढायचं. दोन महिन्यांच्या आतलं पिल्लू, गाभण मांजर, आजारी मांजर, ऑपरेशनचे टाके असलेलं मांजर यांना आंघोळ घालू नका. पिल्लू फारच मळलं असेल तर कोमट पाण्यात पिळलेल्या फडक्यानं पुसून लगेच कोरडं करा.

खरं रोजचं काम आहे विंचरण्याचं. ते नीट चालू असलं की आंघोळीची वेळ क्वचित येते, आणि आली तरी मांजराला तुमच्या हाताची ओळख असते. भुरीला मी आठवड्यातून दोनदा विंचरतो, रेशमीला रोज. होळीच्या सुमारास ऊन चढायला लागलं की दोघींचे केस झडतात, तेव्हा भुरीलाही रोज. झडलेला केस कंगव्यात आला नाही तर तो चाटताना पोटात जातो आणि त्याची गाठ होऊन ओकारीतून बाहेर पडते.

माझ्याकडे तीन वस्तू आहेत: मऊ दातांचा रबरी ब्रश, विरळ दातांचा स्टीलचा कंगवा, आणि उवांसाठी वापरतात तसली बारीक दातांची स्टीलची फणी. तिन्ही मांजरांच्याच. दुकानातल्या आणि घरातल्या माणसांच्या वेगळ्या.

वेळ निवडायची दुपारची. मांजराचं जेवण झालेलं असतं, ते सुस्तावलेलं असतं. तुम्ही खाली बसा, त्याला मांडीवर ओढून घेऊ नका. शेजारी आलं तर आलं. पहिला हात गालावर आणि हनुवटीखाली फिरवा, तिथं त्याला स्वतःलाच खाजवून हवं असतं. मग रबरी ब्रश मानेपासून शेपटीकडे, केसांच्या कलानं. गिऱ्हाइकाचं डोकं विंचरताना आपण डावा हात डोक्यावर ठेवतो ना, तसा एक हात सतत मांजराच्या अंगावर राहू द्या. हात उचलून पुन्हा टेकवला की ते दर वेळी नव्यानं दचकतं. पोट, मांड्यांच्या आतली बाजू आणि शेपटीचं मूळ या जागा शेवटी, त्याही ते देईल तरच. पहिला आठवडा दोन मिनिटं पुरे. शेपटीचं टोक फटफटायला लागलं, कान मागे गेले, पाठीची कातडी थरथरली की हात थांबवा. मांजरानं फिसकारेपर्यंत वाट बघायची नाही. त्याच्या आधी थांबणारा हात त्याच्या लक्षात राहतो.

रेशमीच्या काखेत आणि कानामागे गुंता होतो. इथं मला हात जोडून सांगायचंय की कात्री लावू नका. मी आयुष्यभर कात्री चालवली आहे, तरी मांजराच्या गुंत्याला लावत नाही. माणसाच्या डोक्याची कातडी कवटीवर ताणलेली असते. मांजराची कातडी पातळ आणि सैल असते; गुंता वर ओढला की कातडी त्याच्याबरोबर तंबूसारखी उभी राहते, आणि केस कुठं संपला नि कातडी कुठं सुरू झाली ते दिसत नाही. गुंत्यावर चिमूटभर कॉर्नफ्लोअर टाका, बोटांनी चोळा. मुळाशी केस चिमटीत धरून ठेवा म्हणजे ओढ कातडीपर्यंत जाणार नाही. मग टोकाकडून थोडं थोडं मोकळं करत मुळाकडे या. एका बैठकीत नाही सुटला तर उरलेला उद्या. वाळलेल्या शेणासारखा घट्ट गोळा कातडीला चिकटला असेल तर पशुवैद्यांकडून मशीननं काढून घ्या.

बारीक फणी पिसवांसाठी. आमच्या भावाकडे गावाला दिवाळीनंतर पुढच्या खोलीत छतापर्यंत कापूस भरलेला असतो आणि घरातलं मांजर त्यावरच झोपतं. त्याच्या मानेत आणि शेपटीच्या मुळाशी फणी घातली की पत्ती आणि सरकीच्या बारीक कचऱ्याबरोबर काळे कण येतात. ते कण ओल्या कापसाच्या बोळ्यावर ठेवून बघा. तांबूस रंग सुटला तर ती पिसवांची विष्ठा, म्हणजे मांजराचं पचलेलं रक्त. शेजारी साबणाच्या पाण्याची वाटी ठेवायची आणि दर फेऱ्याला फणी त्यात बुडवायची, पिसू तिथंच मरते. शेतातून आलेल्या मांजराच्या बोटांच्या बेचक्या आणि कानही बघा. कुसळ तिथं घुसलं की आत आत सरकत जातं आणि पू होतो. वरवर असेल तर चिमट्यानं काढा. आत गेलेलं दवाखान्यात.

नखांचं थोडक्यात सांगतो. मांजराला १८ नखं असतात, पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्या पायांना चार-चार. बोट वरून-खालून हलकं दाबलं की नख बाहेर येतं. आत गुलाबी भाग दिसतो, तिथं रक्तवाहिनी आहे. त्याच्या पुढचं पारदर्शक टोक तेवढं कापायचं. एका दिवशी तीन-चार नखं, बाकीची उद्या-परवा. चुकून रक्त आलं तर कॉर्नफ्लोअरमध्ये बोट बुडवून दोन-तीन मिनिटं दाबून धरा. आंघोळ ठरलीच असेल तर नखं आदल्या दिवशीपर्यंत उरकून घ्या.

आता आंघोळ. रेशमीला मी वर्षातून चार-पाच वेळा घालतो, पण तिची तयारी चार दिवस आधी सुरू होते. प्लास्टिकचा बुटका टब कोरडाच न्हाणीघरात ठेवतो. तळाला गोणपाट अंथरतो. मांजराचे पाय गुळगुळीत तळावर घसरले की ते सगळ्यात जास्त घाबरतं, हे मला फार उशिरा कळलं. टबात उकडलेल्या चिकनचे दोन तुकडे टाकतो. ती स्वतः उतरते, खाते, निघून जाते. तिसऱ्या दिवशी तळाला दोन बोटं कोमट पाणी. चौथ्या दिवशी तिच्यासमोर प्लास्टिकचा मग पाण्यात बुडवून हळू ओततो, तिच्या अंगावर नाही. जावळाच्या वेळी मशीन हातात देतो, त्यातलाच हा प्रकार.

आंघोळीच्या दिवशी जेवणानंतर दोन-तीन तास जाऊ देतो आणि आधी पूर्ण विंचरून घेतो, कारण गुंता ओला झाला की आणखी घट्ट बसतो. पाणी, मग, शाम्पू, तीन पंचे हे सगळं मांजर आत आणायच्या आधी तयार. आमच्याकडे नळाला रोज पाणी नसतं, आणि मोटार चालू झाली की तिच्या आवाजानंच भुरी खाटेखाली जाते, म्हणून बादल्या आदल्या रात्रीच भरून ठेवतो. पाण्याची परीक्षा कोपरानं, तान्ह्या बाळाच्या पाण्याची घेतो तशी. मांजराचं अंग आपल्यापेक्षा गरम असतं, साधारण ३८ ते ३९ अंश सेल्सिअस, त्यामुळे आपल्याला किंचित ऊन लागणारं पाणी त्याला बरोबर वाटतं. टबात चार बोटं पाणी पुरे, पोटापर्यंत. दार लावून घ्या. आत एकच माणूस, फार तर दोन. कोणी मोठ्यानं बोलू नका.

मांजराला आणताना एक हात छातीखाली, एक हात मागच्या पायांखाली. मोठ्या मांजराला मानगुटीला धरून उचलू नये, ते वजन तिथं पेलत नाही. त्याचं तोंड तुमच्यापासून दुसरीकडे ठेवा आणि मागचे पाय आधी पाण्यात टेकू द्या. एक हात खांद्यावर, दाब न देता. दुसऱ्या हातातला मग अगदी अंगाला लावून पाणी सोडा. उंचावरून ओतलेल्या पाण्याचा आवाज आणि मार दोन्ही त्याला नको असतात. पिसवा असतील तर मानेभोवती फेसाचा एक पट्टा आधी करून घ्या, नाहीतर अंग ओलं झालं की त्या डोक्याकडे धावतात. मग मानेपासून शेपटीकडे बोटांच्या पेरांनी शाम्पू लावा, नखं न लावता. डोक्यावर पाणी ओतायचं नाही. चेहरा ओल्या फडक्यानं पुसायचा, डोळे कापसाच्या बोळ्यानं आतल्या कोपऱ्यातून बाहेर, प्रत्येक डोळ्याला वेगळा बोळा. कानात काडी घालायची नाही. दिसतं तेवढंच पुसा. कानात कॉफीच्या गाळासारखी काळी घाण दिसली तर किडे असू शकतात, डॉक्टरांना दाखवा.

धुवायला लावण्यापेक्षा दुप्पट वेळ द्या. आमच्या बोअरचं पाणी जड आहे, त्यात साबण केसाला धरून राहतो. माणसाच्या डोक्यात राहिला तर कोंडा होईल, मांजराच्या अंगावर राहिला तर ते चाटून पोटात घेईल. म्हणून शेवटची बादली मी नळाच्या पाण्याची राखून ठेवतो. ओला केस दोन बोटांत धरून ओढला आणि बुळबुळीत लागला नाही, म्हणजे झालं. सगळं मिळून दहा मिनिटांच्या आत.

शाम्पूच्या बाबतीत कसूर नको. माणसाचा शाम्पू नको, लहान बाळाचाही नको, मांजराची कातडी वेगळी असते आणि ती कोरडी पडून खाजते. बाटलीवर मांजरासाठी असं स्पष्ट लिहिलेलं बघून घ्या. कुत्र्याचं गोचीड-पिसवांचं औषध, पावडर, शाम्पू मांजराला कधीही लावू नका. त्यातल्या कित्येकांत परमेथ्रिन नावाचं कीटकनाशक असतं. कुत्र्याला ते चालतं, मांजराला झटके येऊन त्याचा जीव जातो. फिनाईल, डेटॉलसारखी जंतुनाशकं, कापूर, टी-ट्री तेल हेही नको. आपलं यकृत ज्या रीतीनं असली द्रव्यं मोडून बाहेर टाकतं, ती मांजराच्या यकृतात फार दुबळी आहे. आपल्याला "थोडंसंच टाकलं" वाटतं ते त्याच्यासाठी विष असतं.

मागच्या मार्गशीर्षात भुरी शेजारच्या गॅरेजात गाडीचं जळकं ऑइल काढून ठेवलेल्या ट्रेमध्ये पडली. घरी आली ती मानेपासून खाली काळी आणि चाटायच्या तयारीत. दुकानातल्या एकानं रॉकेल सुचवलं, दुसऱ्यानं पेट्रोल. दोन्हींनी कातडी भाजते, वाफ फुप्फुसात जाते आणि चाटलं तर आणखी वाईट. मी आधी तिला चाटू न देण्याचं बघितलं. गिऱ्हाइकाच्या गळ्याभोवती कापड गुंडाळतो तसा जुना पंचा तिच्या मानेभोवती आणि पायांभोवती गुंडाळला, फक्त डोकं बाहेर. पशुवैद्यांना फोन केला. मग एकेक बाजू उघडून शेंगदाण्याचं तेल चोळायचं आणि जुन्या सुती फडक्यानं पुसायचं, असं तीनदा. तेलानं ऑइल सुटतं. त्यानंतर भांडी घासायचं लिक्विड पाण्यात पातळ करून दोन हात. हे फक्त अशा प्रसंगासाठी, एरवी ते मांजराला लावत नाहीत. चार बादल्या पाणी गेलं. या सगळ्यात भुरीनं एकदाही नखं काढली नाहीत. सात महिन्यांची असताना जिनं माझा हात फाडला होता, तीच ही. मधली वर्षं आठवड्यातून दोनदा तिच्या अंगावर माझा हात फिरला होता, तो तिनं ओळखला. त्या संध्याकाळी डॉक्टरांनी तपासलं, दोन दिवस खाण्या-ओकण्याकडे लक्ष ठेवायला सांगितलं. बरी झाली.

वाळवताना पंचा दाबून पाणी टिपा, रगडू नका. रगडलं की लांब केसांचा गुंता होतो. पहिला पंचा भिजला की दुसरा, मग तिसरा. दुकानातला ड्रायर मी भुरीवर कधी वापरला नाही. रेशमीला तो दोन महिने लांबून ऐकवून सवय केली, आता अगदी कमी गरम हवेवर हातभर अंतरावरून चालतो, आणि माझा दुसरा हात सतत तिच्या केसांत असतो, म्हणजे चटका मला आधी कळतो.

आपल्या खान्देशात ऋतू बघून आंघोळ ठरवा. पौषात रात्री पारा कधी दहाच्या खाली जातो, तेव्हा अकरा-साडेअकराला, ओट्यावर ऊन आलं की. वैशाखात बोरी नदीच्या पात्रात सखाराम महाराजांची यात्रा भरते, त्या दिवसांत ४४ अंशांपर्यंत तापतं, तेव्हा सकाळी सातच्या आत. ओलं मांजर कूलरसमोर बसवू नका, त्या गार झोतानं ते काकडतं. आणि गच्चीवरही सोडू नका, तापलेल्या फरशीनं तळपाय पोळतात. पावसाळ्यात केस मुळापर्यंत वाळायला दिवस जातो, म्हणून शक्यतो टाळतो. अंगावर गोल गोल केस गेलेले चट्टे दिसले तर आंघोळीच्या भानगडीत न पडता डॉक्टरांकडे न्या. तो गजकर्ण असू शकतो आणि घरातल्या पोरांनाही लागतो.

उन्हाळ्यात एक मागणी हमखास येते. पर्शियन मांजर पिंजऱ्यात घालून लोक दुकानात आणतात आणि म्हणतात, दादा, उकाडा फार आहे, हिच्यावर झिरो मशीन मारून द्या. मी नाही मारत. सरसकट भादरलेल्या मांजराची उघडी कातडी उन्हात भाजते, चालून चालून तापलेल्या ब्लेडनं ती पोळते, आणि सैल कातडी ब्लेडमध्ये येते. रोज विंचरून आतला मेलेला केस काढला की उरलेल्या केसांतून हवा खेळते. दुपारी ओल्या फडक्यानं कान आणि तळपाय पुसा, पाण्याच्या दोन-तीन वाट्या घरात वेगवेगळ्या जागी ठेवा. पोटाखाली किंवा ढुंगणाजवळ केस मळत असतील तर तेवढेच पशुवैद्यांकडून कमी करून घ्या.

काही केल्या मांजर शांत होत नसेल, तोंड उघडून धापा टाकायला लागलं, डोळ्यांच्या बाहुल्या मोठ्या होऊन ते गुरगुरत असेल, तर शाम्पू अंगावर असला तरी भराभर पाणी सोडून संपवा आणि पंच्यात घ्या. धापा थांबल्या नाहीत तर दवाखाना. तुम्हाला चावलं किंवा ओरखडलं तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणानं १५ मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवून रेबीजच्या लसीचं विचारा. मांजराचे दात सुईसारखे असतात, वरून जखम बारीक दिसते आणि आत खोल जाते. हळद भरून घरी बसू नका.

घरात दोन मांजरं असतील तर एक गोष्ट राहून जाते. आंघोळ झालेल्या मांजराचा वास बदलतो आणि दुसरं त्याला ओळखत नाही. पहिल्यांदा रेशमीला धुतलं तेव्हा भुरी तिच्यावर धावून गेली. आता मी रेशमीला वाळेपर्यंत वेगळ्या खोलीत ठेवतो, आणि दोघी ज्या जुन्या गोधडीवर झोपतात तिच्यावरच तिला वाळत बसू देतो. ती गोधडी त्या आठवड्यात धुवत नाही.